तीस इंजिनांचे एन-१ फसले, तर तेहतीस इंजिनांचे स्टारशिप कसे उडते?

निरभ्र (प्रश्न)

माणसाला चंद्रावर नेण्यासाठी बांधलेल्या महाकाय रॉकेटांविषयी सध्या वाचतो आहे आणि त्यात एक गोष्ट सतत खटकते आहे. सोव्हिएत संघाच्या एन-१ रॉकेटाच्या पहिल्या टप्प्यात ३० इंजिने होती आणि १९६९ ते १९७२ या काळातील त्याची चारही उड्डाणे पहिला टप्पा जळत असतानाच संपली. बहुतेक ठिकाणी याचे कारण एका वाक्यात उरकलेले असते, ते म्हणजे इंजिने फार होती. सॅटर्न-५ मध्ये पाचच होती म्हणून अमेरिकेला यश आले, हा त्याच वाक्याचा उत्तरार्ध.

मी साधा हिशेब करून पाहिला. एक इंजिन शंभरपैकी ९९ वेळा नीट चालते असे धरले, तर पाचही नीट चालण्याची शक्यता सुमारे ९५ टक्के येते आणि तीसही नीट चालण्याची अवघी ७४ टक्के. इथपर्यंत पटते. परंतु स्पेसएक्स या अमेरिकी कंपनीच्या स्टारशिप रॉकेटाच्या पहिल्या टप्प्यात तर ३३ इंजिने आहेत आणि १८ नोव्हेंबर २०२३ च्या दुसऱ्या उड्डाणात ती सर्व टप्पे वेगळे होण्याच्या वेळेपर्यंत चालली. मग ‘फार इंजिने’ हे कारण खरे मानायचे की नाही? जाणकारांनी समजावून सांगावे.

धूमकेतू (उत्तर)

आपला हिशेब बरोबर आहे, पण सगळीच इंजिने चालली पाहिजेत हे त्यात आपण न सांगता धरून चालला आहात. एन-१ च्या रचनाकारांनी ते धरलेले नव्हते. एखादे इंजिन बिघडले की ते आणि समतोल राहावा म्हणून त्याच्या नेमके समोरचे, अशी दोन्ही बंद करायची आणि उरलेल्यांवर उड्डाण पुरे करायचे, अशी योजना होती. हे काम ‘कॉर्ड’ नावाच्या स्वयंचलित यंत्रणेकडे होते. म्हणजे कागदावर तीस इंजिने हा दुबळेपणा नसून विमाच होता.

हा विमा एकाच अटीवर लागू होतो : बिघडणाऱ्या इंजिनाने निमूटपणे बंद पडले पाहिजे. ते फुटले, तर शेजाऱ्यांच्या नळ्या, तारा आणि पंपही घेऊन जाते आणि मग शक्यतांचा गुणाकार करण्यात काही अर्थ उरत नाही. ३ जुलै १९६९ च्या रात्री हेच झाले. रॉकेट जमीन सोडत असतानाच एका इंजिनाच्या ऑक्सिजन पंपाचा स्फोट झाला. आत धातूचा एखादा तुकडा शिरला असावा, असा चौकशीत संशय होता. आजूबाजूची यंत्रणा उद्ध्वस्त झाली, कॉर्डने इंजिने बंद करण्याचा सपाटा लावला, आणि अखेर एकच इंजिन धडधडत राहिले. त्याच्या एकट्याच्या रेट्याने शंभर मीटरहून उंच असे ते रॉकेट कलंडले आणि, इंधन जवळजवळ पूर्ण भरलेले असताना, प्रक्षेपणमंचावर कोसळले. मंच नष्ट झाला.

माझ्या मते खरा प्रश्न इंजिने किती होती हा नसून, उडण्यापूर्वी ती किती ओळखीची होती हा आहे. एन-१ च्या पहिल्या टप्प्यातील एनके-१५ या इंजिनाच्या काही झडपा स्फोटक पद्धतीच्या होत्या, म्हणजे बारूद उडवून एकदाच उघडणाऱ्या. एकदा पेटवलेले इंजिन पुन्हा पेटवता येत नसे. त्यामुळे प्रत्येक गटातील काही इंजिने जाळून पाहायची आणि ती चालली तर त्याच गटातील उरलेली, न पेटवलेली, रॉकेटाला बसवायची, अशी पद्धत होती. काडेपेटीतल्या दोन काड्या ओढून उरलेल्यांची खात्री देण्यासारखाच हा प्रकार! जे इंजिन प्रत्यक्ष उडणार, ते मंचावरच आयुष्यात प्रथम पेटत असे.

त्यात भर म्हणजे संपूर्ण पहिला टप्पा जमिनीवर बांधून, तीसही इंजिने एकत्र पेटवून पाहण्यासाठी चाचणीमंच बांधलेलाच नव्हता. बैकोनूर या सोव्हिएत प्रक्षेपणतळावर मोठे टप्पे जलमार्गाने आणण्याची सोय नव्हती, सुटे भाग रेल्वेने आणून तेथेच जुळवावे लागत. परिणामी तीस ज्वाळा एकमेकींच्या शेजारी काय करतात, हे पाहायची पहिली संधी म्हणजे उड्डाणच. १९७१ च्या तिसऱ्या उड्डाणात रॉकेटाच्या तळाशी वायूंचे अनपेक्षित भोवरे तयार झाले, रॉकेट स्वतःभोवती फिरू लागले आणि ते थांबवण्याइतकी ताकद नियंत्रणयंत्रणेत नव्हती. १९७२ च्या चौथ्या उड्डाणात मधली सहा इंजिने ठरल्याप्रमाणे बंद झाली, त्या धक्क्याने नळ्या फुटून आग लागली, आणि पहिल्या टप्प्याचे काम संपायला काही सेकंदच उरले असताना रॉकेट नष्ट झाले.

जुने यंत्र (उत्तर)

धूमकेतू यांच्याशी बव्हंशी सहमत आहे, पण पाच इंजिने हा जणू सोपा मार्ग होता आणि सोव्हिएत अभियंत्यांना तो सुचला नाही, असा समज कोणी करून घेऊ नये.

सॅटर्न-५ च्या पहिल्या टप्प्यातील एफ-१ हे इंजिन सुमारे ६९० टनांचा रेटा देत असे आणि सेकंदाला अडीच टनांहून अधिक केरोसीन व द्रवरूप ऑक्सिजन गिळत असे. एवढ्या मोठ्या ज्वलनकक्षात ज्वाला स्थिर राहत नाही. कुठे तरी दाबाची एक लाट उठते, ती भिंतीवर आपटून परतते, जाताना ज्वलन आणखी भडकवते आणि क्षणार्धात इतकी वाढते की इंजिन फुटते. जून १९६२ मध्ये चाचणीच्या वेळी एक इंजिन असेच गमावले गेले. ज्वलनाच्या या अस्थिरतेचे नेमके गणित त्या काळी कोणालाच मांडता येत नव्हते. म्हणून अभियंत्यांनी चालत्या इंजिनाच्या ज्वलनकक्षात लहानसा बॉम्ब फोडून मुद्दाम लाट उठवायची आणि ती किती वेळात विरते ते मोजायचे, असा मार्ग धरला. इंधन फवारणाऱ्या तबकडीवर तांब्याचे आडोसे उभारून तिचे १३ कप्पे केले, छिद्रांचे आकार व कोन पुन्हा पुन्हा बदलले, आणि अखेर बॉम्बने उठवलेली लाट सेकंदाच्या दहाव्या भागाच्या आत विरू लागली. एफ-१ पूर्ण आकारात सुमारे २,००० वेळा पेटवून पाहिले गेले. या आकड्यातच निरभ्र यांच्या प्रश्नाचे अर्धे उत्तर आहे.

एन-१ चे मुख्य रचनाकार कोरोलेव्ह यांनी लहान इंजिने निवडली त्यामागेही हीच अडचण होती, आणि एक भांडणही होते. ग्लुश्को हे तेथील सर्वांत अनुभवी इंजिनकार. त्यांना एकमेकांना स्पर्श होताच पेटणारी विषारी इंधने हवी होती. माणसे बसणाऱ्या रॉकेटात ती भरायला कोरोलेव्ह तयार नव्हते. अखेर काम गेले कुझनेत्सॉव्ह यांच्याकडे. त्यांचा अनुभव विमानांच्या इंजिनांचा असल्यामुळे त्यांनी माफक आकाराचे इंजिन करणे स्वाभाविकच होते. त्यातून चंद्रावर माणूस उतरवण्याचा सोव्हिएत निर्णय १९६४ चा, म्हणजे केनेडींच्या घोषणेनंतर तीन वर्षांनी, आणि जानेवारी १९६६ मध्ये कोरोलेव्हच गेले. चाचणीमंच बांधला नाही तो अज्ञानापोटी नव्हे; वेळ आणि पैसा दोन्ही नव्हते.

निरभ्र

दोघांचेही आभार. म्हणजे जमिनीवर पुरेशा चाचण्या घेतल्या की प्रश्न मिटतो, असे समजू का? तसे असेल तर स्टारशिप बांधणारे एकामागून एक रॉकेटे उडवून का फोडतात?

कक्षाभ्रमण (उत्तर)

मिटत नाही, आणि याचा सर्वांत चांगला दाखला सॅटर्न-५ चाच आहे. ४ एप्रिल १९६८ रोजी अपोलो-६ हे निर्मनुष्य उड्डाण झाले. दुसऱ्या टप्प्यातील पाचपैकी एक इंजिन मध्येच बिघडले. ते बंद करण्याचा संदेश तारांची अदलाबदल झाल्यामुळे अंशतः शेजारच्या धडधाकट इंजिनाकडे गेला आणि तेही बंद पडले. (एन-१ वाले समोरचे इंजिन मुद्दाम बंद करत, येथे शेजारचे चुकून झाले.) पुढे तिसऱ्या टप्प्याचे इंजिन कक्षेत पुन्हा पेटलेच नाही, जे खऱ्या मोहिमेत चंद्राकडे निघण्याच्या क्षणी पेटायला हवे होते.

दोष सापडला तो इंजिन पेटवणाऱ्या ठिणगीकक्षाला हायड्रोजन पुरवणाऱ्या एका बारीक नळीत. ती लवचीक राहावी म्हणून तिच्या एका भागाला वळ्या दिलेल्या होत्या. जमिनीवरील चाचण्यांत या नळ्या कधी तुटल्या नव्हत्या, कारण आतल्या द्रवरूप हायड्रोजनच्या थंडीने भोवतालची हवाच द्रवरूप होऊन वळ्यांवर साचत असे आणि त्यांची थरथर दाबून धरत असे. निर्वातात हवाच नाही, तेव्हा हे कवचही नाही. वळ्या मोकाट थरथरल्या आणि तुटल्या. जमिनीवर निर्वात निर्माण करून पाहिल्यावर तेच घडले. मग वळ्या काढून नळीलाच बाक दिले. त्यानंतरचे सॅटर्न-५ चे उड्डाण म्हणजे २१ डिसेंबर १९६८ चे अपोलो-८, तिघांना घेऊन थेट चंद्राभोवती. एवढे धाडस आज कोणी करील असे मला वाटत नाही.

स्टारशिपच्या बाबतीत दोन गोष्टी वेगळ्या आहेत. एक म्हणजे त्याची रॅप्टर इंजिने पुन्हा पुन्हा पेटवता येतात, त्यामुळे जे इंजिन उडणार तेच आधी तपासले जाते आणि सर्व ३३ इंजिने मंचावर एकत्र पेटवूनही पाहिली जातात. दुसरे म्हणजे इंजिन बिघडण्याची चिन्हे ओळखून ते फुटण्याआधी बंद करणारी यंत्रणा आता कॉर्डपेक्षा कितीतरी चपळ आहे. तरीही २० एप्रिल २०२३ च्या पहिल्या उड्डाणात काही इंजिने सुरुवातीपासून बंद होती, आणखी काही वाटेत गेली, रॉकेट गिरक्या घेऊ लागले आणि सुमारे चार मिनिटांनी ते नष्ट करावे लागले. मंचाखालील काँक्रीटच्या ठिकऱ्या दूरवर उडाल्या होत्या.

तेव्हा ‘स्टारशिप चालते’ हे विधान जपून करावे. पहिला टप्पा चालतो, एवढे नक्की. १३ ऑक्टोबर २०२४ रोजी तो परत येताना मनोऱ्याच्या बाहूंनी झेललाही गेला. २०२५ च्या पहिल्या सहा महिन्यांत मात्र वरचे यान तीन उड्डाणांत एकामागून एक गमावले गेले आणि चौथे जमिनीवरील चाचणीतच फुटले. शिवाय चंद्रावर जायचे तर या यानात पृथ्वीच्या कक्षेतच दुसऱ्या यानांनी वारंवार इंधन भरायला हवे. सॅटर्न-५ ला ती गरज नव्हती, ते सुमारे ४५ टन एका दमात चंद्राकडे ढकलत असे. नासाच्या एसएलएस या नव्या चंद्ररॉकेटाने याउलट टोक गाठले : स्पेस शटलवर उडालेली इंजिने, जमिनीवर पूर्ण वेळाची चाचणी, आणि नोव्हेंबर २०२२ मध्ये पहिलेच उड्डाण यशस्वी. मात्र सुरुवातीच्या प्रत्येक उड्डाणाचा खर्च नासाच्याच महानिरीक्षकांनी ४.१ अब्ज डॉलर सांगितला आहे.

निरभ्र

शेवटची एक शंका. एन-१ ची इंजिने मग मुळातच वाईट होती का?

धूमकेतू

नाही, उलट रचनेने ती काळाच्या पुढे होती. पंप फिरवून झालेला वायू बाहेर न सोडता ज्वलनकक्षातच नेण्याची जी पद्धत त्यांत होती, ती ऑक्सिजन जास्त असलेल्या तप्त वायूने साधणे अमेरिकेत अशक्यप्राय मानले जात असे. चौथ्या अपयशानंतर पुन्हा पेटवता येणारी सुधारित एनके-३३ इंजिने पुढच्या एन-१ साठी तयार होत होती, पण १९७४ मध्ये ग्लुश्को कोरोलेव्ह यांच्या संस्थेचे प्रमुख झाले आणि त्यांनी काम थांबवले. गोदामात जपलेली ती इंजिने पुढे अमेरिकेने विकत घेतली आणि डागडुजी करून अँटारेस रॉकेटाला बसवली. काही उड्डाणे व्यवस्थित झाली. २८ ऑक्टोबर २०१४ रोजी मात्र मंच सोडल्यावर काही सेकंदांत त्यातले एक फुटले आणि रॉकेट खाली कोसळले. चौकशीत दोष ऑक्सिजन पंपात सापडला, आणि संभाव्य कारणांच्या यादीत आत शिरलेला बाहेरचा कण हेही एक कारण होते.