संमेलनापेक्षा जिन्याजवळचा बाक

सोसायटीत वर्षातून एकदा संमेलन घेतलं की शेजाऱ्यांचा एकटेपणा कमी होईल, हे मला पटत नाही. त्या दिवशी ओळखीचे ओळखीच्यांशीच बोलतात. एकटा माणूस खाली उतरतच नाही. ओळख वाढते ती रोजच्या ओझरत्या भेटींतून. १९५० साली मानसशास्त्रज्ञ फेस्टिंगर आणि सहकाऱ्यांनी अमेरिकेतल्या विद्यार्थी-वसाहतीचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यात लगतच्या दारांमध्ये मैत्रीचं प्रमाण ४१ टक्के, तर मजल्याच्या दोन टोकांना फक्त १० टक्के निघालं. जिन्याच्या तळाशी राहणाऱ्यांची वरच्या मजल्यावर जास्त ओळख होती, कारण सगळे तिथूनच ये-जा करत.

म्हणून बाक जिन्याजवळ, टपालपेट्यांपाशी ठेवा, बागेच्या कोपऱ्यात नको. बसायची उंची साधारण ४५ सेंमी, आणि हात असलेलाच घ्या, नाहीतर गुडघे दुखणारा माणूस बसणार नाही. तोंड लिफ्टच्या दारासमोर नको. येणाऱ्याला पहारा बसल्यासारखं वाटतं. आगीच्या वेळची वाट मात्र अडवू नका.

व्हॉट्सॲपचं म्हणाल तर सूचनांचा गट वेगळा, मजल्याचा सहा-आठ घरांचा वेगळा. शंभर घरांच्या गटात पार्किंगची भांडणंच चालतात (आणि सुप्रभात!).

एकट्या शेजाऱ्याला 'काही लागलं तर सांगा' म्हणू नका, तो सांगत नाही. त्याच्याकडेच काहीतरी मागा: शिडी, स्क्रू-ड्रायव्हर, दोन दिवस कुंड्यांना पाणी. वस्तू परत करायला गेलात की दुसरी भेट आपोआप होते.