अर्थशास्त्रावरचे माहितीपट: विरोधकाला पडद्यावर जागा हवी का?

सांजवात
मला वाटतं, हवीच. एखादा आर्थिक विचार माहितीपटातून मांडायचा, तर तो खोडून काढणारा जाणकारही त्यातच दिसला पाहिजे. आयात खुली झाली की बंद पडलेला कारखाना, दाराला लागलेलं कुलूप, कामगारांचे चेहरे कॅमेऱ्याला लगेच सापडतात. त्याच आयातीमुळे ज्यांना माल स्वस्त मिळाला ती माणसं विखुरलेली असतात, ती चौकटीत येत नाहीत. फ्रेंच अर्थतज्ज्ञ बास्तिया यांनी १८५० मध्येच दिसणाऱ्या आणि न दिसणाऱ्या परिणामांचा हा भेद मांडला होता.

अमेरिकन अर्थतज्ज्ञ मिल्टन फ्रीडमन यांची १९८० ची 'फ्री टू चूज' ही दूरचित्रवाणी मालिका बघा. साधी पेन्सिल हातात धरून ते बाजाराची बाजू हिरिरीने मांडतात. पण भागाच्या उत्तरार्धात चर्चा असते आणि टीकाकार त्यांना तोंडावर अडवतात. मला त्यांचं सगळं पटत नाही, तरी ती चर्चा ऐकताना स्वतःचं मत तपासावं लागतं.

कात्रीवाला
साफ असहमत. मी संकलन करतो. दोन तज्ज्ञ आळीपाळीने बोलू लागले की प्रेक्षक दोघांनाही सोडून देतो. २०१० चा 'इनसाइड जॉब' आठवा. २००८ च्या आर्थिक संकटावरचा हा माहितीपट नामवंत अर्थतज्ज्ञांना थेट विचारतो, वित्तकंपन्यांकडून तुम्हाला पैसे मिळतात का? त्यांची चलबिचल पडद्यावर दिसते. त्यानंतर हा वाद पेटला आणि जानेवारी २०१२ मध्ये अमेरिकन इकॉनॉमिक असोसिएशन या अर्थतज्ज्ञांच्या संघटनेने आपल्या नियतकालिकांत लिहिणाऱ्यांना हितसंबंध जाहीर करणं बंधनकारक केलं. तळ्यात-मळ्यात करणाऱ्या चित्रपटाने एवढी खळबळ उडवली असती?

सांजवात
तो प्रश्न वर्तनाचा होता. पैसे घेतले की नाही, याचं उत्तर हो किंवा नाही असतं. किमान वेतन वाढवल्यावर रोजगार घटतो का, याचं उत्तर तसं नसतं. किती वाढवलं, कुठे, मालकांची पकड किती, यावर ते बदलतं. तिथे एकाच बाजूने जीव तोडून बोलणं म्हणजे प्रेक्षकाची फसवणूक.

पाटीपेन्सिल
शिकवणारी म्हणून एक सांगते. विरोधक आणण्याआधी कल्पना दिसली पाहिजे. बिल फिलिप्स या अर्थतज्ज्ञाने १९४९ मध्ये अर्थव्यवस्थेतला पैशाचा प्रवाह दाखवणारं टाक्या आणि नळ्यांचं यंत्र बनवलं होतं. त्यातलं रंगीत पाणी म्हणजे उत्पन्न, त्यातून कर, बचत आणि आयातीचे फाटे फुटत. असं दृश्य शंभर आलेखांना भारी. पण पाणी अफवा ऐकून घाबरत नाही. माणसं घाबरतात, खर्च आखडतात, आणि मंदी आणखी खोल जाते. यंत्र दाखवणाऱ्याने ही उणीव त्याच प्रसंगात सांगावी. बाहेरचा विरोधक नसला तरी चालेल.

कात्रीवाला
हे पटलं. माझी अडचण वेगळी आहे. व्याजदर वाढले की कर्जदाराचा वाढलेला हप्ता मी दाखवेन, ठेवीदाराचं वाढलेलं व्याजही दाखवेन. पण जो कारखाना त्यामुळे उभाच राहिला नाही, त्याचं चित्रीकरण कुठे करू?

सांजवात
त्याचा नकाशा गुंडाळून कपाटात ठेवलेला माणूस शोधा. त्याला वेळ लागतो हे मान्य, पण निर्मात्याकडे पहिल्याच बैठकीत तोच वेळ मागून घ्या.