एक्मोवर असताना ट्रॅकिओस्टॉमी: सही करावी की थांबावं?

कातळावरची

नमस्कार. इथे पहिल्यांदाच लिहितेय, तेही पुण्यातल्या एका हॉस्पिटलच्या जिन्यात बसून. काही मागेपुढे झालं तर सांभाळून घ्या.

माझे मिस्टर, वय ४३. देवगडकडे आमची हापूसची कलमं आहेत. डिसेंबरअखेरीस ताप आला. पहिले तीन दिवस अंगावरच काढला, कारण मोहोर यायला लागला होता आणि फवारणीची माणसं ठरलेली होती. चौथ्या दिवशी चार पावलं चालले तरी दम लागायला लागला. कोल्हापूरला नेलं, स्वाइन फ्लू निघाला. व्हेंटिलेटर लावला, पालथं झोपवून पाहिलं, तरी ऑक्सिजन चढेना. तिथून पुण्याला आणलं आणि एक्मो लावलं, म्हणजे रक्त बाहेर काढून त्यात ऑक्सिजन मिसळून परत शरीरात सोडणारं मशीन. एक नळी मांडीतून, एक मानेतून. आज मशीनवरचा अकरावा दिवस.

सकाळी डॉक्टरांनी बोलावून सांगितलं, की एक्स-रे अजून पांढराच आहे, अजून वेळ लागणार, तर तोंडातली नळी काढून ट्रॅकिओस्टॉमी करू, म्हणजे गळ्याला भोक पाडून तिथून श्वासाची नळी घालू. संध्याकाळपर्यंत सांगा म्हणाले. रक्तस्रावाचा धोका आहे, हेही म्हणाले.

सासूबाई ऐकून खालीच बसल्या. आमच्या वाडीत एकांना घशाचा कॅन्सर झाला होता, त्यांच्या गळ्याला कायमचं भोक राहिलं आणि आवाज गेला तो गेलाच. त्या एकच धरून बसल्यात, की माझ्या मुलाचा गळा कापू देणार नाही. दीर म्हणतात, रक्त पातळ करायचं औषध चालू असताना कापाकापी कशाला, मशीन निघेपर्यंत थांबू. आणि माझ्या मनात वेगळंच येतंय. डॉक्टरांनी आशा सोडली म्हणून तर गळ्यातून नळी घालत नसतील ना?

कोणी या सगळ्यातून गेलं असेल तर कृपा करून सांगा. सही माझीच आहे.

रात्रपाळी

ताई, आधी कॅन्टीनला जाऊन दोन घास खाऊन या. मग वाचा.

मी सोळा वर्षं आयसीयूत सिस्टर आहे, त्यातली शेवटची सहा एक्मोच्या बेडवर. डॉक्टर नाही, आणि तुमच्या मिस्टरांची फाइल मी बघितलेली नाही. जे रोज हाताखालून जातं तेवढंच सांगते.

सासूबाईंची भीती पहिल्यांदा. वाडीतल्या त्या गृहस्थांचं स्वरयंत्रच काढलं असणार, म्हणून आवाज गेला. ट्रॅकिओस्टॉमीत स्वरयंत्राला हात लागत नाही, त्याच्या खाली श्वासनळीत नळी बसते. नळीच्या टोकाला फुगा असतो. तो फुगलेला असतो तोवर हवा स्वरयंत्रापर्यंत जात नाही, म्हणून आवाज येत नाही. पुढे फुफ्फुसं सुधारली की फुग्यातली हवा सोडून, वर झडपेचं टोपण लावून माणसं बोलतात. आणि नळी काढली की भोक बहुतेकांचं थोड्या दिवसांत आपोआप भरतं. राहतो तो व्रण. हे त्यांना शेजारी बसून, हात हातात घेऊन सांगा. फोनवर नको.

आता आशेचं. ज्यांची आशा सोडलेली असते त्यांना आमच्याकडे सहसा ट्रॅक, म्हणजे ट्रॅकिओस्टॉमी, करत नाहीत. माणूस जागा करायचा असतो म्हणून करतात. तोंडातली नळी घशात टोचत राहते, ओकारी येते, ती सहन व्हावी म्हणून झोपेची औषधं भरपूर द्यावी लागतात. झोपलेला माणूस खोकत नाही, हातपाय हलवत नाही, आणि मांड्या आठवड्याभरात इतक्या उतरतात की चादर काढल्यावर घरच्यांना ओळखू येत नाही. नळी गळ्यात आली की औषधं उतरवता येतात, फिजिओ बसवू शकतो, तोंड नीट धुता येतं. ट्रॅक झाल्यावर मी पहिलं काम तेच करते. ओठांच्या कोपऱ्यात चिकटपट्टीने सोललेलं असतं, तिथे व्हॅसलीन लावायचं आणि गॉजने जीभ पुसायची. इतक्या दिवसांत पहिल्यांदा माणसाचा चेहरा पुरता दिसतो.

दीर म्हणतात तो धोका मात्र खरा आहे, त्याला हलकं घेऊ नका. तुम्ही पाहिलं असेल, मशीनकडे जाणारी नळी काळपट असते आणि परत येणारी लालभडक. एवढं रक्त सतत प्लॅस्टिकमधून फिरतं, ते गोठू नये म्हणून हेपॅरिन चालू असतं. त्यात मशीनवर प्लेटलेट उतरतात, आणि पंपातून फिरून फिरून रक्ताची गोठायची ताकदही कमी होते. म्हणजे हेपॅरिन बंद ठेवलं तरी छोट्या जखमेतून पाझरत राहू शकतं. म्हणून प्रोसिजरच्या आधी काही तास हेपॅरिन बंद करतात, प्लेटलेट कमी असतील तर चढवतात, आणि नंतर जखम कोरडी दिसली की हळूहळू परत सुरू करतात.

एका बाबतीत मशीनचा उलट फायदा होतो. एरवी ट्रॅक करताना श्वास थोडा वेळ थांबवावा लागला की ऑक्सिजन भराभर उतरतो आणि सगळ्यांची धांदल उडते. एक्मोवर ऑक्सिजन मशीनकडून मिळत असतो, त्यामुळे डॉक्टरांना घाई करावी लागत नाही. बहुतेक वेळा बेडवरच करतात. दुर्बीण तोंडातल्या नळीतून आत ठेवायची, श्वासनळीच्या कड्यांमधून सुई, सुईतून तार, तारेवरून भोक रुंद करायचं आणि नळी सरकवायची.

डॉक्टरांना हे विचारा. आजच्या प्लेटलेट किती? हेपॅरिन कधी बंद करणार, कधी सुरू करणार? या युनिटमध्ये एक्मोवरच्या रुग्णाला ट्रॅक नेहमी करतात का, आणि करताना दुर्बीण आत ठेवतात का? रक्त थांबलं नाही तर ईएनटीचे डॉक्टर रात्री मिळतील का? मानेतली नळी कुठल्या बाजूला आहे आणि ट्रॅकची पट्टी बांधताना ती दाबली जाणार नाही, हे कोण बघणार? शेवटचा प्रश्न सिस्टरलाच विचारा, तिला बरं वाटेल.

पहिल्या रात्री मी दर तासाला बॅटरी घेऊन गॉज बघते. नुसतं पुढून बघून चालत नाही. रक्त मानेमागे ओघळून उशीत जिरतं आणि समोरचं गॉज कोरडंच दिसतं. मानेखाली हात घालून बघावं लागतं. थोडं पाझरलं तर घाबरू नका, ते होतंच. नळीतून गुठळ्या यायला लागल्या तर मात्र लगेच धावपळ करावी लागते, कारण गुठळी नळीत अडकली तर श्वासच अडतो.

सहीकर्ता

सिस्टर म्हणतात ते सगळं बरोबर असेल, पण दुसरी बाजूही ताईंना कळली पाहिजे.

२०२१ मध्ये माझे काका कोविडने एक्मोवर होते. नवव्या दिवशी ट्रॅक केलं. दोन दिवस रक्त थांबेना, म्हणून हेपॅरिन बंद ठेवलं. हेपॅरिन बंद म्हणून मशीनमध्ये गुठळ्या व्हायला लागल्या आणि ऑक्सिजनेटर, म्हणजे रक्तात ऑक्सिजन मिसळणारा मशीनचा भाग, बदलावा लागला. त्यानंतर इन्फेक्शन झालं आणि काका गेले. ट्रॅकमुळेच गेले असं मी म्हणत नाही, त्यांची फुफ्फुसं आधीच संपत आली होती. पण रात्री अकरा वाजता माझ्यासमोर इंग्रजी फॉर्म ठेवला आणि ‘रुटीन आहे’ म्हणाले. हे दुष्टचक्र होऊ शकतं, हे एका शब्दानेही सांगितलं नाही. ते मला अजून टोचतं. थांबता येईल का, हे मी विचारलंच नाही. तुम्ही विचारा.

भूलवाला

मी भूलतज्ज्ञ आहे, सध्या इंग्लंडमध्ये आयसीयूत काम करतो. ‘सहीकर्ता’ यांच्या प्रश्नाला थोडी आकडेवारी.

ट्रॅक लवकर की उशिरा, यावर इथे मोठा अभ्यास झाला होता, २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला. ९०९ रुग्ण, सगळे व्हेंटिलेटरवरचे. पहिल्या चार दिवसांत ट्रॅक केलेले आणि दहा दिवसांनंतर गरज पडल्यास करायचं ठरवलेले, यांच्या मृत्यूच्या प्रमाणात फरक दिसला नाही. आणि थांबलेल्या गटातल्या निम्म्याहून अधिक लोकांना शेवटी ट्रॅक करावंच लागलं नाही. हे एक्मोचे रुग्ण नव्हते, तेव्हा तसंच्या तसं लावू नका. पण दोन-तीन दिवस थांबल्याने संधी हातची जात नाही, एवढं त्यातून घ्यायला हरकत नाही.

एक्मोवरच्या रुग्णांचाही त्याच वर्षीचा एक जर्मन अभ्यास आहे. ११८ जणांना बेडवरच ट्रॅक केलं. किरकोळ रक्तस्राव जवळजवळ दर तिसऱ्या माणसाला झाला, मोठा रक्तस्राव दोघांना. ही अनुभवी केंद्रं होती, हे लक्षात ठेवा. म्हणून सिस्टरचा ‘तुमच्याकडे नेहमी करतात का’ हा प्रश्न मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो.

आणखी एक विचारा: गळ्यातली नळी न घालता, मशीन चालू ठेवून तोंडातली नळीच काढता येईल का? काही निवडक रुग्णांना असं जागं ठेवतात. कफ फार असेल किंवा खोकला अशक्त असेल तर जमत नाही. ‘नाही’ म्हणाले तर का नाही, तेवढं ऐकून घ्या.

कातळावरची

सगळ्यांची खूप आभारी आहे. प्रश्न वहीत उतरवून घेतले आणि घेऊनच आत गेले. डॉक्टर चिडतील असं वाटलं होतं, ते खुर्ची ओढून बसले. प्लेटलेट ४८ हजार आहेत. ते म्हणाले, आज घाई नाही, दोन दिवस बघू, चढल्या नाहीत तर बाटल्या देऊन करू. नळी पूर्ण काढायचं जमणार नाही, कफ फार आहे. ट्रॅक इथे नेहमी करतात, दुर्बीण आत ठेवूनच. रात्री ईएनटीचे डॉक्टर बोलावल्यावर येतात. ‘सहीकर्ता’ दादा, तुमच्या काकांचं वाचून रडू आलं. ‘रक्त थांबलं नाही तर मशीनचं काय’ हे मी तुमच्याच शब्दांत विचारलं. त्यांनी कागदावर चित्र काढून समजावलं.

दीरांना वाचून दाखवलं. सासूबाईंना अजून पटलेलं नाही, पण नको असं म्हणत नाहीत.

कातळावरची

आठ दिवसांनी लिहितेय.

चौदाव्या दिवशी ट्रॅक झालं. पहिल्या रात्री पाझरत होतं, दोनदा गॉज बदललं. तिथल्या सिस्टर मानेखाली हात घालून बघत होत्या. मी काचेतून बघत होते आणि तुमची आठवण झाली. दुसऱ्या दिवशी दुपारी हेपॅरिन परत चालू केलं. मशीन अजून आहेच, पण एक्स-रेमध्ये उजवीकडे वरती थोडं काळं दिसायला लागलंय. डॉक्टर म्हणाले, ते चांगलं.

परवा झोपेची औषधं कमी केली. डोळे उघडले ते माझ्याकडे नाही, छताकडेच बघत राहिले. काल ओळखलं. ओठ हलवत होते, मला काही कळेना आणि ते वैतागत होते. मुलगी सातवीत आहे, तिने पुठ्ठ्यावर मोठ्या अक्षरांत मुळाक्षरं लिहून पाठवली होती. ती समोर धरली. बोट थरथरत होतं, बराच वेळ लागला. फ. व. र. आणि मग हात खाली पडला.

फवारणी. मी सांगितलं, झाली, भाऊजींनी दोन्ही करून घेतल्या, तुडतुडे नाहीत. त्यांनी डोळे मिटले आणि डोळ्याच्या कडेने पाणी आलं. सासूबाईंना आज आत पाठवलं. त्यांनी गळ्याकडे बघितलंच नाही, कपाळावरून हात फिरवत राहिल्या.

रात्रपाळी ताई, एकच विचारायचंय. त्यांचं बोट लवकर दमतं, दोन अक्षरांनंतर हात उचलत नाही. काही युक्ती आहे का?

रात्रपाळी

ताई, वाचून पाणी आलं डोळ्यांत.

बोट त्यांनी लावायचंच नाही. पुठ्ठ्यावर ओळी पाडा: क ते ङ एक, च ते ञ दुसरी, अशा. काना-मात्रा नकोत, वेळ जातो. तुम्ही ओळीवरून बोट फिरवा, बरोबर ओळ आली की त्यांनी डोळे मिटायचे, मग त्या ओळीत एकेक अक्षर. पाठीमागच्या बाजूला नेहमीचे शब्द मुलीकडून लिहून घ्या: दुखतं, तहान, कूस बदला, कफ काढा, गरम होतंय, घरी कोण आहे. आमच्याकडे सगळ्यात जास्त ‘कफ काढा’ आणि ‘कूस बदला’ लागतात. चष्मा वापरत असतील तर तो घालायला विसरू नका. आणि पुठ्ठा बेडच्या डाव्या कठड्याला बांधा, मानेतली नळी उजवीकडे असेल तर मान तिकडे वळवायला नको.