हवामान सांगणाऱ्याने हवामान बदलावर बोलावं का? क्रिस ग्लोनिंगरच्या निमित्ताने

पागोळी

अमेरिकेत आयोवा राज्यातल्या डे मॉइन शहरात केसीसीआय नावाचं स्थानिक चॅनल आहे. क्रिस ग्लोनिंगर २०२१ मध्ये तिथे मुख्य हवामानतज्ज्ञ म्हणून आला. त्याआधी बॉस्टनला असताना तो दर आठवड्याला हवामान बदलावर एक भाग करत असे. आयोवात त्याने हा विषय रोजच्या अंदाजातच आणला. आजचा पारा सरासरीच्या किती वर आहे, अशा उकाड्याच्या रात्री पूर्वी किती असायच्या, आता का वाढल्या, असं दोन वाक्यांत सांगून तो पुढे उद्याच्या पावसाकडे वळायचा.

२०२२ च्या उन्हाळ्यात एका प्रेक्षकाच्या ईमेल सुरू झाल्या. तुझ्या या उदारमतवादी थापांचा वीट आलाय, असा पहिला सूर. मग एकात त्याने घरचा पत्ता विचारला. जन्मात विसरणार नाहीस असं स्वागत करू, म्हणाला. पोलिसांनी माणूस शोधून काढला, छळवणुकीचा गुन्हा लागला, १५० डॉलर दंड झाला. जून २०२३ मध्ये ग्लोनिंगरने टीव्ही सोडत असल्याचं जाहीर केलं. १८ वर्षं, सात चॅनल, पाच राज्यं. कारणं त्याने स्वतःच सांगितली: धमकीनंतर बसलेला मानसिक आघात आणि घरातली आजारपणं. पुढे तो मॅसॅच्युसेट्समधल्या वुड्स होल ग्रुप या सल्लागार संस्थेत हवामान बदलाची जोखीम समजावून सांगायच्या कामावर गेला.

बऱ्याच बातम्यांनी हे 'नवी वाट', 'मोठं काम' अशा थाटात मांडलं. मला ते पटत नाही. माझ्या मते हे नुकसान आहे आणि तेही आयोवाचं. सल्लागाराकडे कोण जातं? ज्यांना प्रश्न आधीच पटलेला आहे तेच. टीव्हीवरचा हवामानवाला मात्र न पटलेल्यांच्याही घरात रोज संध्याकाळी असतो. कित्येक कुटुंबांच्या रोजच्या ऐकण्यातला तो विज्ञान शिकलेला एकटाच माणूस असतो. तिथून तो उठला की त्या जागी कुणीच उरत नाही. म्हणून माझं म्हणणं असं की पारा वर गेला हे सांगणं जर त्याचं काम असेल, तर तो का गेला हे सांगणंही त्याचंच काम आहे.

नांगरट

धमकी देणाऱ्याचं समर्थन कुणीच करणार नाही, तो भाग बाजूला ठेवतो. पण मूळ मुद्द्याशी मी असहमत आहे आणि त्याला कारण आहे. मी काही वर्षं एम्सला होतो, डे मॉइनपासून अर्ध्या-पाऊण तासावर. तिथे टोर्नेडोचा, म्हणजे घरं उडवून नेणाऱ्या प्रचंड वावटळीचा, सायरन वाजला की माणसं लगेच तळघरात उतरत नाहीत. आधी टीव्ही लावतात. ओळखीचा चेहरा काय म्हणतोय ते बघतात, तो म्हणाला 'आता खाली जा' की मग हलतात.

५ मार्च २०२२ ला डे मॉइनजवळच्या विंटरसेट गावापाशी ईएफ-४ दर्जाचा (शून्य ते पाच या तीव्रतेच्या मापात चारचा) टोर्नेडो आला. त्या एका वावटळीत सहा माणसं मेली. तेव्हा केसीसीआयचा मुख्य हवामानतज्ज्ञ ग्लोनिंगरच होता. अशा संध्याकाळी त्या माणसाकडे एकच भांडवल असतं, लोकांचा विश्वास. आयोवाच्या खेड्यापाड्यांत 'क्लायमेट' हा शब्द ऐकला की अर्धी माणसं 'हा त्यांच्या (डेमोक्रॅट) पक्षाचा' असं ठरवून मोकळी होतात. चुकीचं असेल, पण होतं तसं. त्यांनी चॅनल बदललं आणि नेमकी त्याच दिवशी वावटळ आली तर? हवामान बदल सांगायला जगात हजार माणसं आहेत. 'तुमच्या गावावर अकरा मिनिटांत येतंय' हे सांगायला एकच असतो.

पागोळी

नांगरट, मुद्दा वजनदार आहे, मी तो झटकणार नाही. पण एक सांगा, हवामानवाल्यांनी या विषयावर मत देणं काय ग्लोनिंगरपासून सुरू झालं? जॉन कोलमन हा 'द वेदर चॅनल'चा सहसंस्थापक. १९८२ मध्ये ते चॅनल सुरू झालं. त्याच कोलमनने २००७ मध्ये जागतिक तापमानवाढीला इतिहासातली सगळ्यात मोठी फसवणूक म्हटलं आणि पुढे वर्षानुवर्षं तेच म्हणत राहिला. 'यामुळे वादळाच्या इशाऱ्यावरचा लोकांचा विश्वास उडेल' अशी काळजी तेव्हा कुणाला वाटल्याचं मला तरी आठवत नाही. 'नाही' म्हणणं म्हणजे मत नाही आणि 'आहे' म्हणणं म्हणजे राजकारण, हा न्याय मला समजत नाही.

उंबरठा

न्यायाचंच बोलायचं तर उलटी बाजूही बघा. फ्रान्समध्ये फिलिप व्हेर्दिए हा फ्रान्स २ या सरकारी वाहिनीचा हवामान निवेदक. २०१५ मध्ये, पॅरिसची जागतिक हवामान परिषद तोंडावर आली असताना, त्याने हवामान शास्त्रज्ञ आणि राजकारणी यांच्यावर टीका करणारं पुस्तक काढलं. वाहिनीने त्याला आधी पडद्यावरून हटवलं, मग नोकरीवरून काढलं. त्याची मतं मला अजिबात मान्य नाहीत. पण आपण जो हक्क ग्लोनिंगरसाठी मागतो आहोत, तोच व्हेर्दिएला का नाही? 'निवेदकाने बोलावं' असं तत्त्व असेल तर ते दोघांनाही लागू व्हायला हवं. नसेल तर सरळ म्हणा की आपल्याला पटेल तेच त्याने बोलावं.

पागोळी

उंबरठा, हा प्रश्न टोचला, कारण त्याचं सोपं उत्तर नाही. मी असं म्हणेन: बोलण्याचा हक्क दोघांनाही आहे, आणि व्हेर्दिएची नोकरी जायला नको होती. पण ग्लोनिंगरच्या बाजूने मी जे मागते आहे ते मताचं स्वातंत्र्य नव्हेच. ते अंदाजाचं कारण सांगणं आहे. हवा एक अंश सेल्सियसने तापली की तिची बाष्प धरायची ताकद सुमारे ७ टक्क्यांनी वाढते. हे मत नाही. ढगफुटीसारखा पाऊस का पडला हे समजावताना हे गाळलं तर अंदाजच अर्धवट राहतो.

सातवीण

मी दोन्ही बाजूंच्या मध्ये आहे. नांगरट यांची भीती खरी आहे का, हे बघायला एक चांगलं उदाहरण आहे आणि ते आयोवाइतक्याच कर्मठ भागातलं आहे.

साउथ कॅरोलिनातलं कोलंबिया शहर, डब्ल्यूएलटीएक्स चॅनल, जिम गँडी. २०१० च्या सुमाराला क्लायमेट सेंट्रल ही संस्था आणि जॉर्ज मेसन विद्यापीठाचे संशोधक त्याच्यासोबत एक प्रयोग करू लागले. नाव ठेवलं 'क्लायमेट मॅटर्स'. गँडीने सुरुवात कशाने केली? पॉयझन आयव्हीने. अंगाला लागली की फोड आणणारी ही वेल तिथे घरोघरच्या कुंपणात असते. हवेत कार्बन डायऑक्साइड वाढला की ती अधिक जोमाने वाढते आणि तिचा डंखही अधिक जहाल होतो. बस, एवढंच. कुठला कायदा करा नाही, कुणाला मत द्या नाही. परसातली वेल आणि तिच्यामागचं रसायन.

चॅनलवर मोर्चा आला नाही. नंतरच्या अभ्यासात असं दिसलं की त्या चॅनलच्या प्रेक्षकांना हा विषय शहरातल्या इतर चॅनलच्या प्रेक्षकांपेक्षा जास्त समजला होता. मग हा उपक्रम देशभर पसरला. आणि आधी पटवावं लागलं ते खुद्द हवामानवाल्यांनाच: २०१० च्या पाहणीत त्यांच्यातले जेमतेम निम्म्याहून थोडे जास्त जण तापमानवाढ होते आहे असं मानत होते, २०१७ पर्यंत हे प्रमाण शंभरात नव्वदच्या पुढे गेलं. धंद्यातल्या माणसांनी सात वर्षांत एवढी बाजू बदलली, आणि याबद्दल फारसं कुणी बोलत नाही.

आपल्या भाषेची एक अडचणही इथे आठवते. शाळेच्या भूगोलात आपण शिकलो की रोजची ती 'हवा' आणि वर्षानुवर्षांची सरासरी ते 'हवामान'. प्रत्यक्षात बोलताना आपण दोन्हीला हवामानच म्हणतो. उद्याचा अंदाज तोही हवामानाचा, बदल तोही हवामानाचा. इंग्रजीत दोन शब्द आहेत म्हणून तिकडे दोन खाती पडली, आणि एका खात्याच्या माणसाने दुसऱ्यात बोलू नये असा वाद उभा राहिला. मराठीत विचार केला तर हा वाद जरा विचित्रच वाटतो.

नांगरट

गँडीचं उदाहरण आवडलं, आणि खरं तर ते माझ्याच बाजूचं आहे. त्याने प्रचार केला नाही. मूळ बातम्यांत ग्लोनिंगरबद्दल शब्द वापरलाय तो 'हवामान बदलाचा पुरस्कर्ता'. शास्त्रज्ञ आणि पुरस्कर्ता यांच्यात फरक आहे, आणि प्रेक्षकाला तो नाकाने कळतो.

शिवाय टोर्नेडोचं शास्त्र उकाड्याइतकं साफ नाही. तापत्या जगात टोर्नेडो वाढले का, याचं ठाम उत्तर आजही देता येत नाही. ढगांना लागणारी ऊर्जा वाढते, पण वाऱ्यांच्या थरांतला फरक कमीही होऊ शकतो. मग जो माणूस उकाड्याच्या रात्री 'हे हवामान बदलामुळे' म्हणतो, त्याच्या तोंडून वावटळीच्या दिवशी लोक तेच ऐकतात, त्याने म्हटलेलं नसलं तरी. हा धोका आहे.

कोरडवाहू

आयोवातल्या शेतकऱ्याला हे कळणार नाही असं तुम्ही दोघंही का गृहीत धरता? मक्याचं पीक घेणारं अमेरिकेतलं पहिल्या नंबरचं राज्य ते. रात्र उकाड्याची गेली की मक्याचं रोप दिवसभर कमावलेलं रात्री श्वासात खर्च करतं आणि दाणा कमी भरतो. हे सांगायला त्याला कुणी पुरस्कर्ता लागत नाही, कणीस हातात घेतलं की दिसतं. उन्हाळ्यात मक्याची शेतं इतकं बाष्प सोडतात की अख्ख्या राज्याचा दमटपणा वाढतो. तिकडे त्याला मक्याचा घाम म्हणतात. म्हणजे हवेचा आणि पिकाचा संबंध तिथल्या शेतकऱ्याला घरचाच आहे.

आणि पक्षाचं म्हणाल तर त्याच राज्यात निम्म्याहून जास्त वीज आता वाऱ्यावर तयार होते. पवनचक्क्यांना करसवलत देणारी १९९२ ची तरतूद आयोवाच्याच चक ग्रासली या रिपब्लिकन खासदाराने आणली. जमिनीत पवनचक्की उभी करू दिली की शेतकऱ्याला दरवर्षी भाडं मिळतं. त्या माणसाला 'क्लायमेट' शब्दाची चीड असेलही, पण विषय त्याच्या बांधावर उभा आहे. एका माणसाच्या ईमेलवरून सगळं राज्य तसं आहे असं ठरवू नका. माझी तक्रार वेगळी आहे. त्या धमकीच्या वेळी गावातली शहाणी माणसं किती मोठ्याने बोलली? घाबरलेल्या माणसाला बाजूने आलेलं पत्र फार उपयोगी पडतं.

पागोळी

कोरडवाहू, शेवटच्या वाक्यासाठी आभार. मूळ पोस्टमध्ये मी हे म्हणायला हवं होतं.

नांगरट, टोर्नेडोबद्दल तुम्ही बरोबर आहात. पण मग 'इथे आम्हाला अजून ठाम सांगता येत नाही' हे प्रेक्षकांना कोण सांगणार? तेही तोच सांगू शकतो. उकाड्याबद्दल खात्रीने बोलणारा माणूस वावटळीबद्दल 'अजून नक्की नाही' म्हणाला तर त्याच्यावरचा विश्वास कमी का व्हावा? उलट वाढेल. फ्रान्समध्ये मार्च २०२३ पासून सरकारी वाहिन्यांनी रात्रीचा अंदाजच बदलला, त्याला हवा आणि हवामान दोन्हींचं बातमीपत्र केलं. पडद्यावर तापमानवाढीचा आकडा चालू असतो, प्रेक्षकांच्या प्रश्नांना शास्त्रज्ञ उत्तरं देतात. ओझं एकट्या निवेदकाच्या डोक्यावर नाही. ग्लोनिंगर एकटा होता, आणि माझ्या मते तो तिथेच मोडला.

सातवीण

अजून एक नाव यायला हवं: मायामीचा जॉन मोरालेस. तीसहून अधिक वर्षं फ्लोरिडात वादळं सांगणारा, घाबरवणारा नव्हे तर शांत म्हणून ओळखला जाणारा माणूस. ऑक्टोबर २०२४ मध्ये मिल्टन चक्रीवादळाचा दाब १० तासांत ५० मिलिबारने कोसळला (दाब जितका झपाट्याने पडतो तितकं वादळ झपाट्याने तीव्र होतं), हे वाचताना त्याचा आवाज फुटला. त्याने प्रेक्षकांची माफी मागितली. बऱ्याच जणांनी त्याला नाटक म्हटलं. ज्याला ५० मिलिबार म्हणजे काय ते कळतं, त्याला ते नाटक वाटणार नाही.

त्याहून महत्त्वाचं जून २०२५ मधलं. त्याने २०१९ च्या डोरियन वादळाची स्वतःचीच जुनी चित्रफीत दाखवली. वादळ बहामावर थबकलं होतं, सगळे घाबरले होते, आणि तो ठामपणे सांगत होता की हे वळणार. ते वळलं. मग कॅमेऱ्याकडे बघून तो म्हणाला की या वर्षी असं ठामपणे सांगता येईल याची मला खात्री नाही, कारण सरकारी हवामान खात्यात कपात झाली, माणसं कमी झाली, वरच्या थरांतली हवा मोजायला सोडायचे फुगे कमी झाले. नांगरट, हे राजकारण झालं का? सरकारच्या निर्णयावर थेट टीका आहे ही. पण तुम्ही ज्या इशाऱ्याची काळजी करता, तो इशाराच त्या फुग्यांवर उभा आहे.

नांगरट

दोन दिवस उत्तर दिलं नाही, कारण विचार करत होतो.

मोरालेसचं मला पटलं. फुगे कमी सुटले तर माझा अंदाज कच्चा होईल, हे सांगणं त्याचं कर्तव्यच आहे. न सांगणं ही फसवणूक झाली असती. ही रेघ मी आधी चुकीच्या जागी ओढली होती.

ग्लोनिंगरचं अजून पटलेलं नाही. पण माझी अडचण आता वेगळी आहे, ती लिहितो. एम्समध्ये माझे घरमालक सत्तरीचे होते. घरात दिवसभर एकच चॅनल, रात्री दहाचा अंदाज बघितल्याशिवाय झोपत नसत. राजकारणावर आमचं कधीच जमलं नाही. २०२० च्या ऑगस्टमधल्या देरेचोत, त्या सरळ रेषेत झोडपत जाणाऱ्या वादळात, त्यांचा गोठा आडवा झाला. त्यानंतर एकदा त्यांनी आपणहून मला विचारलं होतं, हे असं पूर्वी नव्हतं ना? मी 'माहीत नाही' म्हणालो आणि विषय बदलला. हा प्रश्न त्यांनी टीव्हीवरच्या माणसाला पाठवला असता, तर त्याने उत्तर द्यावं असंच मला वाटलं असतं.