मनाई हुकूम मोडला: अवमान याचिका की दिवाणी कोर्टातच अर्ज?

प्रश्न: दिवाणी कोर्टाने बांधकामाला तूर्तातूर्त मनाई (दाव्याचा निकाल लागेपर्यंतचा तात्पुरता मनाई हुकूम) दिली, तरी प्रतिवादीचे काम चालूच आहे. थेट हायकोर्टात अवमान याचिका करता येईल का?

उत्तर १: करता येते, पण हायकोर्ट बहुधा विचारेल की खालचा उपाय का वापरला नाही. आधी त्याच कोर्टात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ३९ नियम २अ खाली अर्ज द्या. मालमत्तेची जप्ती आणि ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. जप्ती एक वर्षापर्यंतच टिकते. तरीही हुकूम मोडणे चालूच राहिले तर मालमत्ता विकून तुम्हाला भरपाई देता येते.

उत्तर २: असे अर्ज फेटाळले जातात ते पुरावा कमी पडल्यामुळे. हुकूम माहीत असूनही जाणूनबुजून मोडला, हे दाखवावे लागते. म्हणून हुकुमाची नक्कल रजिस्टर्ड पोस्टाने पाठवून पोचपावती जपा. तारखेसह फोटो काढा, कोर्ट कमिशनर (जागेची पाहणी करून कोर्टाला अहवाल देणारा) नेमून मागा. हुकुमात जागेचे वर्णन मोघम असेल तर आधी ते स्पष्ट करून घ्या, कारण दोन अर्थ निघाले की शंकेचा फायदा समोरच्यालाच. आणि ‘अपील केलंय’ हा बचाव चालत नाही. स्थगिती मिळेपर्यंत हुकूम पाळावाच लागतो.

उत्तर ३: अवमानाचा रस्ता धरलाच तर १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यातलं कलम २० विसरू नका, कारवाई सुरू करायची मुदत एक वर्ष. शिक्षा कलम १२ मध्ये: ६ महिन्यांपर्यंत साधी कैद, २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. नुसते पैसे वसूल करायचे असतील तर मात्र दरखास्तच (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) लावा.