लॅपटॉपवर लोकेशन मिळतंय, मोबाईलवर का नाही?

नवशिका_डेव्हलपर:
मंडळाच्या विसर्जन मिरवणुकीसाठी छोटंसं पान करतोय, ट्रॅक्टरवर एक मोबाईल ठेवायचा आणि गणपती कुठवर आलाय ते लोकांना नकाशावर दिसावं, बास एवढंच. लॅपटॉपवर लोकलहोस्टला (म्हणजे पान त्याच मशीनवरून उघडलं की) सगळं झकास चालतं, पण तेच पान मोबाईलवर १९२.१६८ वाल्या (घरच्या वायफायच्या) पत्त्याने उघडलं की परवानगी विचारतच नाही, थेट एरर कोड १. क्रोमला लोकेशन चालू आहे, तीनदा बघितलं. काय चुकतंय?

खटपट्या:
कोड १ म्हणजे परवानगी नाकारली, पण ती तुम्ही नाही, ब्राउझरने परस्पर नाकारलीये 😄 साधं एचटीटीपी (एन्क्रिप्शन नसलेलं कनेक्शन) असलं की जिओलोकेशन, म्हणजे पानाला लोकेशन देणं, बंद. क्रोमने २०१६ ला ५० व्या आवृत्तीपासून हे केलं, फायरफॉक्सने २०१७ ला ५५ पासून. लोकलहोस्टला तेवढी सूट आहे, घरच्या वायफायच्या पत्त्याला नाही, सगळे इथेच फसतात. टेस्टिंगपुरतं मोबाईल यूएसबीने जोडा आणि लॅपटॉपच्या क्रोममध्ये इन्स्पेक्ट पानावर पोर्ट फॉरवर्डिंग करा, म्हणजे मोबाईललाही ते लोकलहोस्टच वाटतं. मिरवणुकीच्या दिवशी मात्र एचटीटीपीएस (एन्क्रिप्शनवालं कनेक्शन) लागणारच, त्यासाठी लेट्स एन्क्रिप्ट या संस्थेचं सर्टिफिकेट फुकट मिळतं.

नवशिका_डेव्हलपर:
यूएसबीने चाललं!! पण लॅपटॉप मला दोन किलोमीटर लांब दाखवतोय, मोबाईल बरोब्बर घरात. कोड तोच.

काठावरचा:
लॅपटॉपमध्ये जीपीएस नसतं हो बहुतेक वेळा, मग आजूबाजूच्या वायफायवरून नाहीतर आयपीवरून (इंटरनेटच्या पत्त्यावरून) अंदाज काढतो. उत्तरात अ‍ॅक्युरसी म्हणून मीटरमध्ये आकडा येतो तो बघत जा, ५०० च्या वर असेल तर ठिपका लावूच नका, गणपती नदीत दिसायचा आधीच. मोबाईलवर एनेबल हायअ‍ॅक्युरसी ट्रू करा (म्हणजे जास्त अचूक लोकेशन मागतो) आणि टाइमआउट (किती वेळ थांबायचं ते) स्वतः द्या, नाही दिला तर तो अनंत धरतो आणि जीपीएसची वाट बघत बसतो. आणि आयओएस १४ पासून, अँड्रॉइड १२ पासून युजर नुसतं अंदाजे लोकेशनही देऊ शकतो, तेव्हा ट्रॅक्टरवरच्या मोबाईलवर 'प्रिसाइज' चालू आहे ना ते बघा.

खटपट्या:
एक राहिलंच, वॉचपोझिशन (लोकेशन सतत घेत राहणारं फंक्शन) पान समोर दिसत असेपर्यंतच चालतं. स्क्रीन लॉक झाली की ठिपका जागच्या जागी. वेक लॉक एपीआय (स्क्रीन बंद होऊ न देणारी ब्राउझरची सोय) वापरा, क्रोममध्ये २०२० पासून आहे, आणि चार्जर ट्रॅक्टरच्या बॅटरीला जोडा, जनरेटरला नको, डीजेवाले प्लग काढतात.