पर्सेफनी पाताळात जाते ती हिवाळ्यात की उन्हाळ्यात?

प्रश्न

मुलीला ग्रीक देवदेवतांच्या गोष्टी वाचून दाखवताना एका ठिकाणी अडखळलो आहे. डीमीटर ही धान्याची देवी. तिची मुलगी पर्सेफनी हिला पाताळाचा राजा हेडीस पळवून नेतो, शोकाकुल आई पृथ्वीवर काहीही उगवू देत नाही, आणि शेवटी देवांचा राजा व पर्सेफनीचा बाप झ्यूस याच्या मध्यस्थीने मुलीने वर्षाचा काही काळ आईकडे व काही काळ नवऱ्याकडे राहावे असा तोडगा निघतो. ती पाताळात असते तेव्हा हिवाळा आणि परत येते तेव्हा वसंत, असे मी पाहिलेल्या प्रत्येक बालपुस्तकात छापलेले आहे.

माझी शंका शेतीची आहे. आमचे गाव मंगळवेढ्याकडचे, त्यामुळे थंडीत शाळूने भरलेले हिरवे रान आणि उन्हाळ्यात नुसती ढेकळे, हेच चित्र लहानपणापासून डोळ्यांसमोर आहे. दोन वर्षांपूर्वी जुलैच्या अखेरीस अथेन्सहून एल्यूसिसला जाणे झाले, तेव्हा डीमीटरच्या त्या प्रसिद्ध देवस्थानाच्या भग्न पायऱ्यांभोवतीचे गवत पार वाळून गेले होते आणि पलीकडचे डोंगर मातकट दिसत होते. चौकशी केली तेव्हा कळले की तिथे गहू आणि जव ऑक्टोबर-नोव्हेंबरच्या पावसावर पेरतात आणि मे-जूनमध्ये कापतात. म्हणजे आपल्या रब्बीसारखेच. पिके थंडीत शेतात उभी असतील, तर धान्याची देवी नेमक्या त्याच दिवसांत शोक का करते?

प्रतिसाद १

आधी एक दुरुस्ती. तोडगा झ्यूसने काढला हे खरे, पण मुलगी हेडीसला देण्याची मूळ संमतीही त्याचीच होती. आईला न विचारता बापाने परस्पर मुलगी देऊन टाकली, यातच डीमीटरच्या संतापाचे मूळ आहे, आणि मुलांच्या पुस्तकांतून नेमके हेच गळते.

आता आपल्या शंकेविषयी. या कथेचा सर्वांत जुना विस्तृत आधार म्हणजे होमरच्या नावावर मोडणारे, सुमारे ४९५ ओळींचे डीमीटरचे स्तोत्र. त्याचे हस्तलिखित १७७७ साली मॉस्कोत सापडले नसते तर ते आज आपल्यापर्यंत पोहोचलेच नसते. त्यात पर्सेफनी वर्षाचा एक तृतीयांश भाग पाताळात आणि उरलेले दोन भाग आईजवळ व इतर देवांमध्ये काढते, आणि पृथ्वी वसंतातल्या सुगंधी फुलांनी भरते तेव्हा ती वर येते, असे स्पष्ट म्हटले आहे. त्यामुळे बालपुस्तके अगदीच निराधार नाहीत. सहा-सहा महिन्यांची वाटणी मात्र रोमन कवी ओव्हिडची. पाताळात खाल्लेल्या डाळिंबामुळे पर्सेफनीला तिथे परत जावे लागते; स्तोत्रात तो दाणा एकच आहे, त्याचे ओव्हिडच्या ‘मेटॅमॉर्फोसिस’मध्ये सात झाले.

तरीही स्तोत्रातला दुष्काळ हा दरवर्षीचा हिवाळा नव्हे, हे ध्यानात घ्यावे. बैल नांगर ओढतात, पांढरे जव जमिनीत पडतात आणि काहीच उगवत नाही. हे त्या एका वर्षाचे वर्णन आहे. मुलगी पुढे दरवर्षी पाताळात जाते तेव्हा रान उजाड होते, असे स्तोत्र कुठेही सांगत नाही.

प्रतिसाद २

आपल्याला पडलेली शंका विद्वानांनाही पडलेली आहे. मार्टिन निल्सन या स्वीडिश अभ्यासकाने हिवाळ्याचा अर्थ नाकारून असे मांडले की पर्सेफनी पाताळात असते ते कोरड्या उन्हाळ्याचे चार महिने, कारण मळणी झाल्यावर बियाणे जमिनीखालच्या पेवात ठेवले जाई आणि शरदात पेव उघडून ते पेरणीसाठी बाहेर काढले जाई. धान्याची मुलगी भूमीच्या पोटात, श्रीमंताच्या घरी! ‘श्रीमंताच्या’ म्हणण्याचे कारण असे की हेडीसचे दुसरे नाव प्लूटोन, आणि त्याचा संबंध संपत्तीच्या ग्रीक शब्दाशी आहे. ज्याने पेव उघडताना येणारी ऊब आणि कोंदट वास अनुभवला आहे, त्याला ही कल्पना विद्यापीठातल्या पंडितापेक्षा लवकर पटावी.

मूळ धागाकर्ता

पेवाची कल्पना मला फारच पटली, परंतु एल्यूसिसला खरोखर पेवे होती का, की हा केवळ तर्क आहे?

प्रतिसाद २

पेवांचा उल्लेख शिलालेखातच आहे. इ.स.पू. ५व्या शतकातील अथेन्सच्या एका ठरावानुसार शेतकऱ्यांनी नव्या पिकातील जवाचा किमान सहाशेवा आणि गव्हाचा किमान बाराशेवा भाग एल्यूसिसच्या दोघी देवींना, म्हणजे आई आणि मुलीला, अर्पण करायचा होता, आणि ते धान्य साठवण्यासाठी तिथे पूर्वापार पद्धतीने तीन पेवे बांधण्याचा आदेशही त्यात आहे. गव्हाच्या दुप्पट प्रमाणात जव मागितले आहेत, कारण ॲटिकाच्या, म्हणजे अथेन्सभोवतीच्या प्रदेशाच्या, हलक्या जमिनीत जवच अधिक पिकत.

प्रतिसाद ३

पेवे खरी असली तरी निल्सनचा अर्थ मला पूर्ण पटत नाही. स्तोत्रातला ‘वसंत’ त्याला बाजूला सारावा लागतो, आणि ज्या रचनेवर सगळी कथा उभी आहे तिच्यातलाच शब्द मोडीत काढणे मला धाडसाचे वाटते. माझ्या मते उत्तर कथेपेक्षा सणांच्या तिथींत शोधावे. एल्यूसिसचा गुप्त दीक्षाविधी बोएड्रोमिओन महिन्यात, म्हणजे सप्टेंबर-ऑक्टोबरच्या सुमारास होई, आणि त्याच्या पुढच्याच महिन्यात थेस्मोफोरिया हा बायकांचा डीमीटरचा सण येई. तो तीन दिवसांचा; मधल्या दिवशी बायका जमिनीवर बसून उपवास करत. खड्ड्यांत आधी टाकलेल्या डुकराच्या पिल्लांचे कुजलेले अवशेष वर काढून वेदीवर ठेवले जात आणि पुढे ते बियाण्यात मिसळत. दोन्ही सण पेरणीच्या तोंडावरचे आहेत. पाऊस येईल की नाही आणि पेरलेले उगवेल की नाही, ही धाकधूक ज्या आठवड्यांत सर्वाधिक असते, तेव्हाच देवीची आठवण काढली जाई. स्तोत्रातही डीमीटरने बी जमिनीत दडवून ठेवले होते. उभे पीक जाळले नव्हते.

एल्यूसिसच्या शेतकऱ्यांनी हा हिशेब फार उशिरापर्यंत सोडला नव्हता. १८०१ साली एडवर्ड क्लार्क हा इंग्रज प्रवासी तिथे पोहोचला तेव्हा डोक्यावर पूजेची पेटी घेतलेली एक मोठी संगमरवरी स्त्रीमूर्ती खळ्याजवळच्या उकिरड्यात गळ्यापर्यंत शेणखतात पुरलेली होती, आणि रानाचे पिकणे तिच्यावर अवलंबून आहे अशी गावकऱ्यांची ठाम समजूत होती. मूर्ती हलवण्याच्या आदल्या संध्याकाळी एक बैल दावे तोडून धावत आला आणि तिला शिंगांनी ढुसण्या देऊ लागला, तेव्हा हा अपशकुन मानून लोकांनी तिला हात लावायलाही नकार दिला. क्लार्कने ती नेलीच. अभ्यासक तिला डीमीटर न मानता तिच्या देवस्थानाच्या प्रवेशद्वारावरील स्तंभमूर्ती मानतात. तिची जोडीदारीण एल्यूसिसच्या संग्रहालयात आहे. ही मात्र आज केंब्रिजच्या फिट्झविल्यम संग्रहालयात उभी आहे.